आईच्या आजारात वाढलेली मुलगी आणि तिचा संसार

तुमचा प्रश्न थोडक्यात असा आहे. तुमचं वय ३३. आईला बायपोलर आजार आहे, म्हणजे मन कधी खोल नैराश्यात, तर कधी अति उत्साहात जातं. पण हे नाव तुमच्या कानावर पडलं बारावीनंतर. तोवर घरात "आईला बरं नाहीये" एवढंच बोललं जायचं. कधी महिनोन्‌महिने आई अंथरुणातून उठायची नाही, कधी रात्र रात्र जागून माळे उपसायची, उधारीवर साड्या आणायची. वडील नोकरी आणि दवाखान्यात अडकलेले. धाकट्या भावाचं सगळं तुम्ही केलंत. आता लग्नाला चार वर्षं झाली. नवरा चांगला आहे, पण तो जरा गप्प बसला की "काय झालं? माझं काही चुकलं का?" असं तुम्ही विचारत राहता. तो वैतागतो, मग तुम्ही दोन दोन दिवस मिटून जाता. हे आईच्या आजारामुळे झालंय का, ते बदलेल का आणि मूल होऊ द्यावं का, असं तुम्ही विचारलंय.

आईच्या आजारामुळे का, तर बऱ्याच अंशी हो. पण खुद्द आजाराने जेवढं केलं, त्याहून जास्त केलं त्याच्याभोवतीच्या अबोल्याने आणि तुमच्यावर पडलेल्या जबाबदारीने. हे मी सांत्वन म्हणून सांगत नाही. लंडनमध्ये मनोविकारतज्ज्ञ मायकेल रटर यांनी मानसिक आजार असलेल्या पालकांच्या मुलांचा अभ्यास केला, तो १९६६ साली प्रसिद्ध झाला. मुलांवर काय परिणाम होतो हे नुसत्या रोगनिदानावरून ठरत नाही, असं त्यातून पुढे आलं. घरात भांडणं किती, राग कोणावर निघतो, मूल त्या लक्षणांमध्ये किती ओढलं जातं, यावर पुष्कळ अवलंबून असतं. झुरिचचे मनोविकारतज्ज्ञ मॅनफ्रेड ब्लॉयलर यांनी स्किझोफ्रेनिया या गंभीर मानसिक आजाराच्या २०८ रुग्णांचा वीस वर्षांहून जास्त काळ पाठपुरावा केला आणि त्यांच्या मुलांचीही माहिती ठेवली. त्यांतली बहुतेक मुलं निरोगी वाढली आणि बहुतेकांचे संसारही नीट झाले. त्यांचं बालपण सोपं होतं असं कोणीच म्हणणार नाही.

आता तुमचा तो प्रश्न घेऊ: "माझं काही चुकलं का?"

एडवर्ड ट्रॉनिक या अमेरिकी मानसशास्त्रज्ञाने १९७०च्या दशकात एक साधा प्रयोग केला. आई काही महिन्यांच्या बाळाशी नेहमीसारखी खेळते. मग दोन-तीन मिनिटं तिने चेहरा कोरा ठेवायचा. बाळाकडे बघायचं, पण हसायचं नाही, बोलायचं नाही. बाळाला बदल लगेच कळतो. ते हसून बघतं, हात पुढे करतं, आवाज काढतं, परत हसून बघतं. काहीच उपयोग झाला नाही की मान फिरवतं, कसनुसं होतं, रडायला लागतं. या प्रयोगाच्या चित्रफिती मी विद्यार्थ्यांना दाखवते, तेव्हा रडण्याआधीच्या त्या धडपडीकडे बघायला सांगते. बोलताही न येणारं बाळ आईला परत आणायचं काम स्वतःकडे घेतं. तिथे ते दोन-तीन मिनिटांत संपतं. तुमच्या घरी नैराश्याचा एकेक काळ महिनोन्‌महिने चालायचा, आणि तो कधी संपेल हे कोणी सांगितलं नव्हतं.

अशा घरातलं मूल शाळेतून आल्यावर दप्तर ठेवायच्या आधी कानोसा घेतं. कुकरची शिट्टी येतेय का, खोलीचं दार लोटलेलं आहे की बंद, भांडी ठेवल्याचा आवाज कसा आहे. आज कोणती आई घरात आहे, याचा अंदाज उंबऱ्यातच बांधावा लागतो. ही नजर त्या वयात फार उपयोगी पडते. भावाला वेळेवर जेवायला मिळतं, वडिलांचा पारा चढायच्या आत पसारा आवरला जातो. अशी मुलं पुढे उत्तम परिचारिका होतात, उत्तम शिक्षिका होतात, ऑफिसात साहेबाचा मूड सगळ्यांआधी ओळखतात. पंचाईत होते ती संसारात. नवऱ्याचा गप्पपणा तुमच्या मनाला नुसता गप्पपणा वाटतच नाही. तो एका लांबलचक काळाची सुरुवात वाटतो आणि तो थोपवणं तुमच्याकडे आहे असं वाटतं.

शिवाय लहान मुलं सगळ्याचं कारण स्वतःत शोधतात. सहा-सात वर्षांच्या मुलीला वाटतं, मी काल हट्ट केला म्हणून आई झोपून आहे. मोठ्यांनी हे खोडून काढायला हवं, पण आपल्याकडे पुष्कळ घरांत त्याला दुजोराच मिळतो. आलेली आत्या किंवा शेजारची काकू सहज बोलून जाते, "तुम्ही पोरं तिला छळता, म्हणून तिच्या डोक्यावर परिणाम झालाय." हे वाक्य थोड्याफार फरकाने मी इतक्या जणांकडून ऐकलंय की पहिल्या काही भेटींतच ते विचारते. चाळिशी ओलांडलेले, मोठ्या हुद्द्यावरचे पुरुष हे वाक्य सांगताना रडतात. तुम्हालाही कोणी असं काही म्हणालं होतं का, हे आठवून बघा. म्हणालं असेल तर ते वैद्यकीयदृष्ट्या धादांत खोटं आहे. मुलांच्या हट्टाने, मस्तीने, कमी मार्कांनी बायपोलर आजार होत नाही.

घरात कोणी काही का बोललं नाही, हेही समजून घ्यायला हवं. वडिलांना बोट दाखवणं सोपं आहे. पण ज्या पिढीत आजाराचं नाव फुटलं तर मुलीची सोयरीक जमणार नाही ही भीती खरी होती, "ठाण्याला ठेवलं होतं", "येरवड्याला नेलं होतं" ही वाक्यं शिवीसारखी वापरली जायची, त्या पिढीतला माणूस गप्प बसला तर नवल नाही. गोळ्यांची पाकिटं तांदळाच्या डब्यामागे ठेवायची आणि पाहुण्यांना "बीपीचा त्रास आहे" म्हणून सांगायचं. मुलं हे सगळं बघत असतात. त्यातून ती असं शिकतात की घरात सर्वांत मोठी गोष्ट जी घडतेय तिच्याबद्दल बोलायचं नसतं. मग संसारातही मोठ्या गोष्टी तोंडातून निघत नाहीत. अंगात ताप असताना डबा भरून देणारी आणि संध्याकाळी विचारलं तर "काही नाही, जरा कणकण आहे" म्हणणारी बायको या घरांतूनच येते. स्वतःची गरज सांगायची सवयच नसते, आणि नवऱ्याने न सांगता ती ओळखावी असं मात्र आतून फार वाटत असतं. आपण नाही का सगळ्यांचं ओळखत?

बायपोलर आजाराच्या घरात आणखी एक गोष्ट होते, तिच्याबद्दल फारसं कोणी बोलत नाही. तिथे आनंदसुद्धा धोक्याची खूण असतो. आई गुणगुणायला लागली, सकाळी लवकर उठून पुरणाचा घाट घातला, "चला, सगळे बाहेर जाऊ" म्हणाली, की बाकीचे सावध व्हायचे. हे बरं वाटणं आहे की आजार वर चाललाय? अशा मुलीचा नवरा एखाद्या शुक्रवारी खुशीत घरी येतो आणि कोकणात दोन दिवस राहायचं बुकिंग केलंय म्हणतो. तिचा पहिला प्रश्न असतो, "किती पैसे गेले?" तिचा चेहरा पडतो, पोटात गोळा येतो. त्याला वाटतं हिला माझं काही आवडतच नाही. तो दुखावतो, ती गप्प होते, आणि हा गोळा कुठून आला हे दोघांनाही कळत नाही. तुमच्याकडे हे होत असेल तर नवऱ्याला सांगा. "तू फार आनंदात असलास की मला भीती वाटते, त्यात तुझा दोष नाही" हे वाक्य ऐकायला विचित्र आहे, पण ज्या जोडप्यांना मी ते बोलायला लावलंय त्यांची बरीच जुनी भांडणं त्याने उलगडली आहेत.

सगळ्यांचं वळण तुमच्यासारखंच असतं असंही नाही. काहींना सांभाळावा लागणारा जोडीदारच आपला वाटतो: दारू सोडवायची आहे, नोकरी लावून द्यायची आहे, असा. ज्याला काही नको असतं त्याच्याबरोबर त्यांना करमत नाही. काही जण कोणी जवळ आलं की पाय मागे घेतात. तुमचा भाऊ बेंगळुरूला गेला तो फोनही करत नाही, असं तुम्ही लिहिलंय. तो निर्दय आहे म्हणून असं होत असेल, असं मला वाटत नाही. एकाच घरात एका मुलाने सगळं अंगावर घ्यायचं आणि दुसऱ्याने लांब पळायचं, हे मी पुष्कळ पाहिलंय. त्याला एकदा जाब न विचारता फोन करा. त्याच्या आठवणीतली आई आणि तुमच्या आठवणीतली आई किती वेगळी आहे, हे ऐकून तुम्ही चकित व्हाल.

मोठ्या बहिणीने आईची जागा घेण्याबद्दल एक खुलासा करते. नवव्या-दहाव्या वर्षी पोळ्या लाटल्याने मुलीचं मन कायमचं दुखावतं असं मला वाटत नाही. आपल्याकडे शेतावर, भाड्याच्या खोल्यांत लाखो मुली काम करत वाढल्या. ओझं होतं ते दुसरं. आईने रात्री दोन वाजता उठवून मरणाच्या गोष्टी सांगायच्या, वडिलांनी "आता तूच समजाव तिला" म्हणायचं. घरातल्या मोठ्यांची मनं सांभाळण्याचं ते काम मुलाच्या वयाला पेलणारं नसतं. त्यातही कोणी "तू होतीस म्हणून घर चाललं" असं एकदा जरी म्हटलं असेल, तर त्याचा घाव कमी खोल जातो. तुमच्या वडिलांनी ते अजून म्हटलं नसेल आणि ते हयात असतील, तर त्यांच्याकडून ते ऐकायचं आहे असं त्यांना सरळ सांगायला हरकत नाही.

आता बदलाबद्दल. मी दोन कामं सांगते. एक नवऱ्याबरोबर करायचं, एक आईवडिलांबरोबर.

नवऱ्याबरोबरचं काम असं: "काय झालं?" हा प्रश्न एकदाच विचारायचा. त्यावर त्याने तीन गोष्टी सांगायच्या: त्रास कशाचा आहे, तुझ्यावर राग आहे की नाही, आणि कधी बोलू. "ऑफिसचं टेन्शन आहे, तुझ्यावर राग नाही, जेवण झाल्यावर बोलतो." यातला शेवटचा भाग सोडू नका. तुमच्या लहानपणी आईचा अबोला कधी संपेल याला वेळच नव्हती. इथे ती वेळ मिळते. त्याने मात्र जेवणानंतर खरंच बोलायचं, नाहीतर सगळं मुसळ केरात. मधल्या वेळात दुसऱ्यांदा विचारायची उबळ येईल. तेव्हा खोलीतून बाहेर या, खाली एक चक्कर मारा. पुन्हा विचारून "नाही गं, तुझ्यावर राग नाही" असं ऐकलं की दहा मिनिटं बरं वाटतं, आणि अकराव्या मिनिटाला परत विचारावंसं वाटतं. दर खेपेला ही भूक वाढते. पहिले काही आठवडे जीव घाबरेल. बहुतेकांचा तो हळूहळू निवतो. आणि आठवड्यातून निदान एकदा एखादी छोटी गोष्ट मागायची: आज डबा तू भर, आज मला डॉक्टरांकडे सोड. मागितलेलं मिळतं, हा अनुभव तुमच्या गाठीशी फार कमी आहे.

इथे एक सावधगिरी. सगळंच आईच्या खात्यावर टाकू नका. नवरा आठवडेच्या आठवडे बोलत नसेल, टोमणे मारत असेल, "तुझ्या आईसारखी करू नकोस" असं भांडणात म्हणत असेल, तर ते त्याचं वागणं आहे आणि त्याचं उत्तर त्यानेच द्यायला हवं. आजारी पालकाच्या मुलांना स्वतःची चूक मान्य करायची इतकी सवय असते की समोरच्याची खरी चूकही त्यांना दिसत नाही.

दुसरं काम म्हणजे सगळी हकिगत जुळवणं. कॅलिफोर्नियात मानसशास्त्रज्ञ मेरी मेन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९८५ साली पालकांना त्यांच्या बालपणाबद्दल विचारून एक महत्त्वाची गोष्ट दाखवली. ज्यांचं बालपण खडतर होतं पण ज्यांना ते सुसंगतपणे, काही न लपवता आणि त्यात वाहून न जाता सांगता येत होतं, त्यांच्या स्वतःच्या मुलांना सहसा त्यांच्याजवळ सुरक्षित वाटत होतं. म्हणून जुनी फाइल काढा. डिस्चार्ज कार्डं, लिथियम या बायपोलरवरच्या औषधाच्या रक्त तपासणीचे कागद, कोणत्या साली काय झालं, आणि त्या साली तुम्ही कितवीत होता. वडिलांना विचारा, मावशीला विचारा. चौथीत सहामाहीला नापास झालात तेव्हा आई इस्पितळात होती, एवढं जरी कागदावर दिसलं तरी मनातल्या "मी ढ होते"चं वेगळं काहीतरी होतं.

आणि आईला विचारा. ती बरी असतानाच्या दिवसांत, घाई न करता. बऱ्याच आयांना सगळं आठवत असतं आणि त्या लाजेने बोलत नाहीत. मुलांच्या मनातला राग खरा असतो, त्याला जागा हवीच. पण आईला आरोपी करून कोणाचं भलं झालेलं मी पाहिलेलं नाही. आमच्या शास्त्रानेही हे पाप केलंय. १९४८ साली मनोविश्लेषक फ्रीडा फ्रॉम-राइखमान यांनी स्किझोफ्रेनिया घडवणाऱ्या आईची कल्पना मांडली आणि पुढची दोन-तीन दशकं कितीतरी आयांना तिचं ओझं वाहावं लागलं. ती कल्पना आता टाकून दिलेली आहे.

ज्यांच्या घरात हे आज चालू आहे, मुलं लहान आहेत, त्यांच्यासाठी थोडं. आमच्या ओपीडीबाहेर बाकावर आईची फाइल मांडीवर घेऊन आठ-दहा वर्षांचं मूल बसलेलं असतं. डॉक्टर आईशी बोलतात, वडिलांशी बोलतात, त्या मुलाला कोणी काही विचारत नाही. नॉर्वेने २०१० पासून अशा मुलांकडे लक्ष देणं आरोग्य कर्मचाऱ्यांवर कायद्यानेच बंधनकारक केलं. आपल्या २०१७च्या मानसिक आरोग्य कायद्यात उपचार घेणाऱ्या आईपासून तीन वर्षांखालच्या बाळाला सहसा तोडू नये अशी तरतूद आहे, ती चांगलीच आहे. पण चौथीतल्या मुलाशी कोणी बोलावं, हे आपल्याकडे अजून कोणाचंच काम नाही. तेव्हा ते घरच्यांनी करावं. आजाराचं नाव सांगा. हे तुझ्यामुळे झालेलं नाही, असं सांगा. आईला जास्त त्रास झाला तर तुझ्याजवळ कोण असेल, त्या माणसाचं नाव सांगा. आणि आईचे उपचार थांबवू नका. २००६ साली अमेरिकेतल्या एका मोठ्या अभ्यासात नैराश्य असलेल्या आयांवर उपचार केले गेले; ज्यांचं नैराश्य तीन महिन्यांत ओसरलं त्यांच्या मुलांमधल्या मानसिक तक्रारी कमी झाल्या, ज्यांचं ओसरलं नाही त्यांच्या मुलांच्या वाढल्या. टेली-मानस या मानसिक आरोग्याच्या सरकारी हेल्पलाइनच्या १४४१६ या क्रमांकावर मराठीतही बोलता येतं. पुण्यात स्किझोफ्रेनिया अवेअरनेस असोसिएशन आणि ठाण्यात आयपीएच (इन्स्टिट्यूट फॉर सायकॉलॉजिकल हेल्थ) या संस्था रुग्णांच्या कुटुंबीयांसाठीही काम करतात.

तुमचा शेवटचा प्रश्न मुलाचा. बायपोलर आजार साधारण शंभरात एकाला होतो. आई किंवा वडील यांपैकी एकाला असेल तर मुलांमध्ये हे प्रमाण शंभरात पाच ते दहाच्या आसपास जातं. म्हणजे जोखीम वाढते, पण शंभरातल्या नव्वद किंवा त्याहून जास्त मुलांना तो होत नाही. तो बहुतेकदा १५ ते २५ या वयात सुरू होतो. तुम्ही ३३ वर्षांच्या आहात, आजवर तसं काही झालेलं नाही, म्हणजे तुमच्यापुरता धोक्याचा मोठा टप्पा मागे पडलाय. तुमच्या बाळाची जोखीम त्या पाच-दहाहूनही कमी. एवढ्या कारणासाठी मूल नको म्हणू नका. नको असेल तर ते तुम्हा दोघांना नकोय म्हणून नको असू दे.

एका काळात मात्र खबरदारी घ्यायची, ती बाळंतपणानंतरची. घरात बायपोलरचा इतिहास असेल तर बाळंतपणानंतरच्या गंभीर मानसिक आजाराची शक्यता इतरांपेक्षा जास्त असते, आणि अपुरी झोप त्याला खतपाणी घालते. म्हणून दिवस राहायच्या आधी किंवा पहिल्या तिमाहीत एकदा मनोविकारतज्ज्ञांना भेटून या. स्त्रीरोगतज्ज्ञांना आईचा आजार स्पष्ट सांगा, बीपी म्हणून नव्हे. पहिले दीड-दोन महिने तुम्हाला सलग चार-पाच तास झोप मिळेल अशी सोय आधीच ठरवा. काढून ठेवलेलं दूध रात्री एकदा नवऱ्याने पाजायचं. सलग दोन रात्री झोप आली नाही आणि तरीही थकवा वाटत नसेल, विचार धावत असतील, तर वाट न बघता त्याच दिवशी डॉक्टरांना फोन करायचा, हे नवऱ्याला आत्ताच माहीत असू दे. बाळंतपणाला आई येऊ शकेल का, हे तुम्ही परस्पर ठरवून टाकू नका. तिलाच विचारा. गोळ्या आणि झोप सांभाळून दिवसाचे किती तास बाळाजवळ बसता येईल, हे ती आणि तिचे डॉक्टर मिळून सांगतील.